मेक्सिकोतलं साटंलोटं

18 ऑक्टोबर 1952 रोजी मेक्सिको सिटीच्या दक्षिणेकडच्या त्लाल्पान भागात, कातिपोआतो नावाच्या घरात, एक लग्न लागलं. नवरदेव होर्हे नेग्रेते चारोच्या पोशाखात उभा होता. चारो म्हणजे मेक्सिकोतला घोड्यावर मांड ठोकून गुरं राखणारा गडी. त्याचा ठेवणीतला पोशाख म्हणजे आखूड घट्ट जाकीट, विजारीच्या कडेने वरपासून खालपर्यंत चांदीच्या गुंड्या आणि सुपाएवढी टोपी. नेग्रेते हाच वेश करून अकरा वर्षं पडद्यावर गात होता. त्यामुळे स्वतःच्या लग्नालाही तो स्वतःच्याच सिनेमातून उठून आल्यासारखा दिसला असेल. नवरी होती मारिआ फेलिक्स, त्या काळातली स्पॅनिश पडद्यावरची सर्वांत गाजलेली सुंदरी. वर्तमानपत्रांनी याला शतकातलं लग्न म्हटलं.

गंमत अशी, की ही दोघं एकमेकांना पाण्यात पाहत असत. 1942 साली मारिआ आपल्या पहिल्यावहिल्या चित्रपटात त्याची नायिका झाली. त्याला त्या भूमिकेत ग्लोरिआ मारीन हवी होती. ग्लोरिआ त्याची सहकलाकार होती आणि घरातली सोबतीणही. तिच्या जागी ही नवखी पोरगी आली, याचा राग त्याने सेटवर लपवला नाही, आणि मारिआही ऐकून घेणाऱ्यांतली नव्हती. दहा वर्षांनी त्याच दोघांनी एकमेकांच्या बोटात अंगठ्या घातल्या, तेव्हा दोघांच्याही मागे भलामोठा भूतकाळ उभा होता. त्याचं अभिनेत्री एलिसा क्रिस्तीशी झालेलं लग्न मोडलं होतं आणि ग्लोरिआबरोबरचा बिनलग्नाचा संसारही आटोपला होता. तिचा एक नवरा तरुणपणीच मागे पडला होता. दुसरा आगुस्तीन लारा, मेक्सिकोचा लाडका गीतकार. त्याने तिच्यासाठी रचलेलं ‘मारिआ बोनिता’ ज्याच्या त्याच्या तोंडी होतं. नव्या नवऱ्याने कुठल्याही हॉटेलात पाऊल टाकलं, तर वाद्यवृंद जुन्या नवऱ्याचं गाणं वाजवायला घेईल, अशी ही परिस्थिती!

लग्न आणि त्याआधीची प्रेमं हा विषय नेग्रेतेच्या घरात असा मुरलेला होता. त्याच सुमारास त्याने जो चित्रपट केला, त्याचाही विषय नेमका हाच. ‘दोस तिपोस दे कुइदादो’, म्हणजे ‘ज्यांच्यापासून जपून राहावं असे दोघे’. त्यातला एक नेग्रेते आणि दुसरा पेद्रो इन्फान्ते. मेक्सिकोचे हे दोन सर्वांत मोठे गायक-नट नायकांची जोडी म्हणून याआधी एका चित्रपटात कधी आले नव्हते आणि यानंतरही आले नाहीत.

कथा आपल्या गावाकडच्या माणसाला दोन मिनिटांत कळेल, कारण ती साटंलोट्याची आहे. होर्हे बुएनो आणि पेद्रो मालो हे जिवाभावाचे मित्र. होर्हेचं प्रेम पेद्रोच्या नात्यातल्या बहिणीवर, रोसारिओवर. पेद्रोचं प्रेम होर्हेच्या सख्ख्या बहिणीवर, मारिआवर. आडनावांतच विनोद पेरलेला आहे: बुएनो म्हणजे चांगला, मालो म्हणजे वाईट. (दोन्ही आडनावं स्पॅनिशमध्ये खरोखर आढळतात, म्हणून विनोद ओढूनताणून आणल्यासारखा वाटत नाही.) पुढे होर्हे काही काळ परगावी जातो. परततो तेव्हा रोसारिओचं लग्न झालेलं असतं, पदरी मूल असतं, आणि नवरा असतो खुद्द पेद्रो. ज्याच्याशी सोयरीक करायची त्यानेच घात केला. आता होर्हे सूड घ्यायला निघतो. गावातल्या जनरलच्या मुलीशी सूत जमवतो, पेद्रोची जमेल तिथे कोंडी करतो, आणि पेद्रो सगळं हसत अंगावर घेतो. पेद्रो बाईलवेडा, थापाड्या, उनाड म्हणून गावभर बदनाम. त्याच्याकडून याहून वेगळं काय होणार, असं गाव म्हणतं.

खरं काय ते शेवटाकडे उलगडतं. रोसारिओवर राजधानीत एका परक्या माणसाने अत्याचार केलेला असतो. पोटातल्या जिवाला नाव मिळावं, तिची अब्रू वाचावी, म्हणून पेद्रोने तिच्याशी नावापुरतं लग्न केलेलं असतं. स्वतःचं प्रेम आणि मित्र दोन्ही त्याने त्यापायी गमावलेले असतात. ‘वाईट’ निघतो चांगला, आणि ‘चांगल्या’ने सुडाच्या पायी शोभा करून घेतलेली असते. मग पेद्रो होर्हेला एकट्याला गाठून सारं सांगतो. दोघे पुन्हा गळ्यात गळे घालून हिंडू लागतात आणि गावाला काडीचा उमज पडत नाही. नवऱ्याच्या डोळ्यांदेखत बायकोचा जुना प्रियकर घरात येतो-जातो आणि नवरा खुशीत शीळ घालतो, म्हणजे काय! चित्रपटातला अर्धा हशा या एका प्रश्नावर पिकतो. शेवटी साटंलोटं ठरल्याप्रमाणे पार पडतं.

हे सगळं घडतं ते ‘कोमेदिया रांचेरा’च्या, म्हणजे गावरान विनोदी गाणेपटांच्या मुलुखात. या प्रकाराचं बारसं 1936 साली फेर्नान्दो दे फुएन्तेसच्या ‘आया एन एल रांचो ग्रान्दे’ने झालं. मालक, गडी, एक मुलगी, कोंबड्यांची झुंज, दारूचा गुत्ता, मॅरिआची वाजंत्री आणि गाण्यातून भांडण. त्या वर्षी राष्ट्राध्यक्ष लासारो कार्देनास खऱ्याखुऱ्या मोठ्या जमीनदाऱ्या फोडून शेतकऱ्यांना वाटत होता. पडद्यावर मात्र जमीनदार प्रेमळ होता आणि गडी संतुष्ट. जी व्यवस्था बाहेर मोडत होती ती थिएटरात गात होती. लोकांना हे खोटं आवडलं आणि सगळ्या लॅटिन अमेरिकेत त्याला बाजारपेठ मिळाली. या चित्रपटाच्या छायाचित्रणासाठी गाब्रिएल फिगेरोआला 1938 साली व्हेनिसमध्ये पारितोषिकही मिळालं.

नंतर युद्धाने हात दिला. 1942 साली मेक्सिको दोस्तांच्या बाजूने उतरला. कच्ची फिल्म अमेरिकेच्या मुठीत होती. मेक्सिकोला ती मिळत राहिली. तटस्थ राहिलेल्या अर्जेंटिनाची मात्र टंचाईने कोंडी झाली. स्पॅनिश बोलणाऱ्या प्रेक्षकांसाठी चित्रपट काढणारा तोच एक मोठा स्पर्धक होता. हॉलिवूड युद्धपटांत गुंतलं होतं. त्याच वर्षी चित्रपटांना कर्ज देणारी खास बँक निघाली, 1945 साली चुरुबुस्को स्टुडिओ उभा राहिला. ज्याला मेक्सिकन सिनेमाचं सुवर्णयुग म्हणतात त्याचं बरंचसं सोनं असं परक्यांच्या लढाईतून आलं होतं.

या युगातलं एक घराणं म्हणजे रोद्रिगेस भावंडं. थोरल्या दोघांनी, होसेलितो आणि रोबेर्तोने, फिल्मवर आवाज मुद्रित करण्याचं स्वतःचं यंत्र जुळवलं आणि 1932 साली ‘सान्ता’ या बोलपटात ते वापरलं. म्हणजे मेक्सिकन सिनेमाला गळा मिळाला तो या घरातून. होसेलितोनेच 1941 साली ‘आय हालिस्को, नो ते राहेस’ काढला आणि नेग्रेतेला रातोरात तारा केलं. धाकटा इस्माएल भावांच्या हाताखाली लहानाचा मोठा झाला. ‘दोस तिपोस दे कुइदादो’ त्याचा. पटकथा त्याने कार्लोस ओरेयानासोबत लिहिली. ओरेयाना चित्रपटात कामही करतो. संगीत मानुएल एस्पेरोनचं.

इस्माएलपुढचा पेच कथेचा नव्हता, काट्याचा होता. दोन मल्ल एका आखाड्यात आणायचे आणि कुस्ती बरोबरीत सोडवायची. नाहीतर अर्ध्या देशाने थिएटरातून चिडून बाहेर पडायचं. त्यातून हे मल्ल दोन वेगळ्या तालमींतले.

नेग्रेते 1911 साली ग्वानाहुआतोत जन्मला. लष्करी महाविद्यालयात शिकला आणि ताठ मान तिथून घेऊन आला. आवाज ऑपेरासाठी घडवलेला, भरदार बॅरिटोन. गावरान रांचेरा गाणं आपल्या गळ्याला शोभत नाही, असं त्याला मनापासून वाटे. ‘हालिस्को’चं शीर्षकगीत त्याने नाक मुरडत, रागारागाने ध्वनिमुद्रित केलं, असं सांगतात. तोच राग लोकांना मर्दानी रुबाब वाटला आणि पुढचं आयुष्य त्याला तोच रुबाब सांभाळावा लागला. 1948 साली तो स्पेनमध्ये गेला तेव्हा त्याला पाहायला माद्रिदमध्ये झुंबड उडाली. तेव्हा मेक्सिको आणि फ्रँकोचं स्पेन यांच्यात राजनैतिक संबंधच नव्हते. सरकारांचं जमत नव्हतं, टोपीचं जमलं. मायदेशी तो नटांच्या संघटनेचा पुढारी होता. हक्कासाठी भांडणारा, हुकमत गाजवणारा; काहींना आधार वाटे, काहींना जाच.

इन्फान्ते सहा वर्षांनी लहान, 1917 साली मासात्लानला जन्मलेला, सिनालोआतल्या ग्वामुचीलमध्ये वाढलेला. पोरवयात सुतारकाम शिकला, आणि हातात आलेल्या लाकडाची स्वतःच गिटार केली. त्याचा आवाज मोठा नाही. पण तो कानाशी येऊन गातो. हसू आणि हुंदका एकाच ओळीत बसवतो. 1948 साली इस्माएलनेच त्याला ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’मध्ये चाळीतल्या सुताराच्या भूमिकेत उभं केलं, आणि त्यानंतर गरिबाला तो घरचा माणूस वाटला. नेग्रेते बाल्कनीखाली उभा राहून गातो तेव्हा वाटतं, खिडकी उघडली नाही तर हा दार तोडेल. इन्फान्ते गातो तेव्हा खिडकीतली मुलगी आधीच हसलेली असते. ही माझी आवड झाली. नेग्रेतेचे भक्त मेक्सिकोत आजही याच्या उलट शपथेवर सांगतील.

इस्माएलने तराजू हलू दिला नाही. एकाला गाणं की दुसऱ्याला गाणं, एकाला टोला की दुसऱ्याला प्रतिटोला. सगळा तोल जिथे पणाला लागतो तो प्रसंग म्हणजे जलशातला ‘कोप्लां’चा सामना. कोप्ला म्हणजे चार ओळींचं सुटं कडवं, ऐनवेळी जुळवून समोरच्याच्या वर्मी लावायचं. ही रीत मेक्सिकोच्या वापांगो गाण्यात जुनीच आहे. ‘रांचो ग्रान्दे’मध्येही असा सामना आहे. आपल्याकडे कलगीवाले आणि तुरेवाले फडात समोरासमोर आले की जे होई, त्याच जातीचं हे. पाहुणे जमलेले, मॅरिआची एक साधी चाल धरून घोळवताहेत, आणि दोघे आळीपाळीने हसतमुखाने एकमेकांची सालं काढताहेत. मित्राचा घात, चोरलेली बायको, मर्दानगी, सगळं बाहेर येतं. शिव्या यमकात असल्यामुळे कुणाला पिस्तूल काढता येत नाही. पाहुण्यांचं हसू हळूहळू आटत जातं, हेही कॅमेरा टिपतो. दोन गळ्यांतला फरक इथे प्रथमच शेजारी शेजारी ऐकू येतो. नेग्रेतेचं कडवं हुकमासारखं पडतं, इन्फान्तेचं चिमट्यासारखं बसतं. एस्पेरोनने दोघांना एकच चाल दिली. वेगवेगळ्या चाली दिल्या असत्या तर तुलनेला जागा राहिली नसती आणि सामनाही झाला नसता.

हसून झाल्यावर मात्र रोसारिओची आठवण येते. कारमेलिता गोन्सालेसने ती केली आहे, आणि जवळजवळ सगळा चित्रपट तिने गप्प राहून काढायचा आहे. एवढी हलकीफुलकी इमारत ज्या पायावर उभी आहे तो पाया म्हणजे तिच्यावर झालेला अत्याचार आणि त्याबद्दल तिने पाळलेलं मौन. गुन्हेगार कुठे दिसत नाही. त्याला शोधावं, असंही कुणाच्या मनात येत नाही. प्रश्न फक्त एवढाच, की तिला नाव कोणी द्यायचं आणि हे कोणाला कधी सांगायचं. दोन्ही गोष्टी पुरुष ठरवतात, तेही एकमेकांच्या मैत्रीसाठी. तिचा निवाडा दारू पिता पिता होतो.

यात चित्रपटाचा दोष किती आणि काळाचा किती? मेक्सिकोत लग्न हे चर्चच्या हातून सरकारच्या हाती आलं ते 1859 साली, राष्ट्राध्यक्ष बेनितो हुआरेसच्या सुधारणा कायद्यांनी. लग्नाच्या कायद्याचा मसुदा हुआरेसचा सहकारी मेल्चोर ओकाम्पो याच्याशी जोडला जातो. पंधराव्या कलमातला उपदेश ‘ओकाम्पोचं पत्र’ या नावाने नोंदणी लग्नांत नवरा-नवरीला पिढ्यान्‌पिढ्या वाचून दाखवला गेला: पुरुषाने बळ आणि धैर्य द्यावं, रक्षण करावं, बाईने माया, सौंदर्य आणि आज्ञाधारकपणा द्यावा. स्वतः ओकाम्पो चार मुलींचा बाप होता आणि त्याने कधीच लग्न केलं नव्हतं. त्या कायद्यात फारकत होती, पण पुन्हा लग्न करण्याची मोकळीक नव्हती. ती मिळाली मेक्सिकन क्रांतीच्या धुमश्चक्रीत, डिसेंबर 1914 मध्ये, क्रांतीतला एक पुढारी वेनुस्तिआनो कारान्सा याच्या फर्मानाने. म्हणजे चित्रपट निघाला तेव्हा पूर्ण घटस्फोटाला चाळीस वर्षंही झाली नव्हती. कागदावर तो होता, पण चर्च त्याला मानत नव्हतं आणि गाव चर्चचं ऐकत होतं. पेद्रोच्या लुटुपुटीच्या लग्नाची गंमत प्रेक्षकांना कळली ती यामुळेच. लग्न करणं सोपं, पण सोडवायला गेलं की गाठ कुठे आहे तेच सापडत नाही, हे त्यांना पाठ होतं.

आणखी एक योगायोग. 17 ऑक्टोबर 1953 रोजी मेक्सिकोच्या स्त्रियांना देशपातळीवर मतदानाचा हक्क मिळाला. चित्रपट लागला नोव्हेंबरमध्ये. नव्याने मतदार झालेल्या बायका आपल्या नवऱ्यांबरोबर, भावांबरोबर थिएटरात बसून रोसारिओचं गुपित पुरुषांच्या तोंडून ऐकत होत्या.

चित्रपट धो धो चालू होता आणि नेग्रेतेकडे महिनाही उरला नव्हता. यकृताचं दुखणं तरुणपणापासून पाठीशी लागलेलं होतं. 5 डिसेंबर 1953 रोजी लॉस एंजेलिसच्या रुग्णालयात तो गेला. वय बेचाळीस. शतकातलं लग्न चौदा महिनेही टिकलं नाही. तेवढ्यात पती-पत्नींनी ‘एल राप्तो’ हा चित्रपट एकत्र केला, तो त्याच्या मृत्यूनंतर लागला. परमुलुखात मेलो तर मला मेक्सिकोला परत न्या, अशा अर्थाचं एक गाणं त्याने लोकप्रिय केलं होतं. त्याला तसंच परत आणलं.

इन्फान्तेची गोष्ट याहून विलक्षण, कारण त्याने पडद्यावरची गाठ घरी मारून घेतली. 1939 साली त्याने मारिआ लुइसा लेओनशी लग्न केलं. त्याच्याहून वयाने मोठी, खमकी. त्याला गावाकडून राजधानीत ढकलणारी आणि रेडिओच्या दारांशी नेणारी तीच. पुढे नर्तकी लुपिता तोर्रेंतेराशी संसार झाला, मुलं झाली. मग अभिनेत्री इर्मा दोरान्तेस. 1953 साली, म्हणजे ‘दोस तिपोस’ लागला त्याच वर्षी, त्याने युकातानमधल्या मेरिदा शहरात इर्माशी रीतसर लग्न लावलं. मारिआ लुइसाशी आपला घटस्फोट झाला आहे, असं तो म्हणे. तो मला मान्य नाही आणि कायदेशीरही नाही, असं ती म्हणे, आणि म्हणत बसली नाही, कोर्टात गेली. रोसारिओसारखं गप्प राहणं तिच्या स्वभावात नव्हतं.

खटला वर चढत सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचला. दरम्यान इन्फान्ते चित्रपटामागून चित्रपट करत होता आणि उडत होता. विमानाचं त्याला वेड होतं. 1949 सालच्या अपघातात कवटी फुटून डोक्यात धातूची पट्टी बसवावी लागली, तरी परवाना त्याने सोडला नाही. 1956 साली इस्माएलने ‘तिसोक’साठी त्याच्यासमोर नायिका म्हणून मारिआ फेलिक्सला उभं केलं. एका ‘तिपो’ची विधवा आता दुसऱ्याबरोबर पडद्यावर आली.

एप्रिल 1957 मध्ये न्यायालयाचा निकाल लागला: इर्माबरोबरचं लग्न रद्द. आपला नायक पडद्यावर ज्या गाठीतून हसतखेळत सुटला होता, तीच गाठ सर्वोच्च न्यायालयाने उलटी बांधून दिली. बायको ती पहिलीच. इन्फान्ते तेव्हा मेरिदात होता. 15 एप्रिलच्या सकाळी राजधानीकडे यायला तो एका मालवाहू विमानात सहवैमानिक म्हणून बसला. ते युद्धातलं जुनं बॉम्बफेकी विमान होतं, लिबरेटर जातीचं, मालासाठी बदलून घेतलेलं. उड्डाणानंतर थोड्याच वेळात ते शहरात कोसळलं. तो एकोणचाळीस वर्षांचा होता. ‘तिसोक’मधल्या कामासाठी बर्लिन महोत्सवात त्याला रौप्य अस्वल जाहीर झालं, तेव्हा ते घ्यायला तो नव्हता.

रडणाऱ्यांत त्याच्या आयुष्यातल्या सगळ्याच बायका होत्या. सरकारी कागदावर विधवा एकच होती, मारिआ लुइसा. मेक्सिको सिटीच्या पान्तेओन हार्दीनमध्ये त्याला पुरलं. नेग्रेतेही त्याच स्मशानात आहे. दर 15 एप्रिलला लोक तिथे जमतात. मॅरिआची येतात, मोटारसायकलवाले पोलीस येतात, इन्फान्तेसारखी मिशी राखून, चारोचे कपडे भाड्याने घेऊन काही हौशीही येतात, आणि दुपारपर्यंत त्यांच्यात कोणाचा गळा त्याच्यासारखा यावरून जुंपलेली असते.